धोंडुबाईचं लुगडं

५ ऑक्टोबर, सकाळी ६.१०
प्रदर्शन ठरलं. ११ ते १७ जानेवारी. राजारामपुरीतली नवी गॅलरी, नाव 'चौकट'. चालवणारी अनुजा, तिशीच्या आतली, बडोद्याला शिकून आलेली. काल तिने विचारलं, सर, किती चित्रं असतील? पंचवीस म्हणालो.

आज मोजली. एक आहे.

हातात अठ्ठ्याण्णव दिवस. चार दिवसांना एक चित्र. जमण्यासारखं आहे. चौतीस वर्षं शाळेत चित्रकला शिकवली, त्यात स्वतःचं काम राहिलं. निवृत्तीला चार वर्षं झाली. ती तयारीची धरायची.

जे एक आहे ते साधं नाही. 'धोंडुबाई', १९८८, तैलरंग, पाच फूट बाय साडेतीन. गंगावेशीत म्हशी आणून समोर धार काढून देतात, तिथे बसणारी बाई. पुढ्यात पितळी चरवी, मागे म्हैस. अकरा सकाळी मी तिच्यासमोर बसलो. राज्य पातळीवरचं बक्षीस. परीक्षकांनी लिहिलं होतं, या चेहऱ्यात एक अख्खं आयुष्य आहे. लुगड्याबद्दल काही लिहिलं नाही. परीक्षक घाईत असतात.

निर्णय: पाचला उठणे. वर्तमानपत्र दुपारी. चेहऱ्यांवर भर.

६ ऑक्टोबर
उठायला ७.२०. अंगात कणकण होती. वर्तमानपत्र सकाळीच वाचलं, कारण दुपारी प्रकाश चांगला असतो तो वाया जाऊ नये.

१० ऑक्टोबर
पहिले मॉडेल हंबीरराव. शेजारी. एकेकाळचे पैलवान, आता सत्तरी. फेटा बांधून आले. तीन बैठका झाल्या. फेटा उत्तम उतरला. प्रत्येक पीळ वेगळा दिसतो. चेहरा मात्र ते बोलत राहिल्याने बिघडला. एकदा बटाटा झाला, एकदा माझ्या मेव्हण्यासारखा झाला.

सरोजिनीने चहा आणला, कॅनव्हासकडे बघितलं आणि हंबीररावांना विचारलं, साखर किती.

१४ ऑक्टोबर
हंबीररावांना पाठमोरं बसवलं. मान, खांदे, फेट्याचा शेमला. जोरदार. चेहरा न दाखवता माणूस उभा करणं हे अवघड काम आहे, आणि मला अवघडच जमतं.

चित्र बघायला हंबीरराव चार पावलं मागे गेले. मग म्हणाले, मास्तर, चाळीस वर्सं आखाड्यात काढली, पाठ मातीला लागू दिली न्हाय, आन तुम्ही ती भिंतीवर टांगताय व्हय. त्यांना आधुनिक चित्रकला समजावून सांगितली. ते फेटा सोडत ऐकत होते. उद्यापासून येणार नाहीत. गुडघा दुखतो म्हणे.

२० ऑक्टोबर
एक विचार स्पष्ट झाला. चेहरा ही बाजारू गोष्ट आहे. कॅलेंडरवाले चेहरे काढतात. प्रदर्शनाचं नाव 'पाठमोरे' ठेवावं. चित्रं अठरा.

अनुजाला फोनवर सांगितलं. ती म्हणाली, पण सर, तुमची ताकद तर चेहऱ्यात आहे ना? म्हणालो, तीच ओलांडायची आहे. ती थोडा वेळ गप्प होती. प्रभावित झाली असावी.

३ नोव्हेंबर
दिवाळीत काम झालं नाही. कोणाचंच होत नाही.

पाडव्याला बसून एक बाई सुरू केली. डोक्यावरून पदर पुढे ओढलेला. पदर अप्रतिम. पदराच्या आत अंधार. सरोजिनी म्हणाली, बाईला काय झालंय?

आता एक गोष्ट लिहून ठेवतो. वही माझी आहे, कोणाला काही सिद्ध करायचं नाही.

मंगळवार पेठेत नृसिंह मास्तरांच्या स्टुडिओत आम्ही सहाजण शिकलो. तिथे काम वाटून चालायचं. कोण हात चांगले काढायचा, कोण दागिने, कोण झाडं. माझ्याकडे कपडे. चेहरे केरबाकडे. सिनेमाचा बोर्ड असो, कोणाच्या वडिलांचं पोर्ट्रेट असो, की स्पर्धेला पाठवायचं स्वतःचं चित्र असो, सगळे सगळ्यांच्या कॅनव्हासवर हात चालवायचे. मास्तरांचा नियम एकच होता. ज्याचा कॅनव्हास, त्याची सही. यात कोणाला कमीपणा वाटत नसे.

तर धोंडुबाईचा चेहरा केरबाने केला. केला म्हणजे भरला. जागा मी सोडली होती, अंडाकृती, बरोबर मापात. त्याने एका दुपारीत ती भरली. आज पट्टीने मोजलं. चेहरा आठ इंच बाय सहा. सगळ्या चित्राचा बावन्नावा भाग. बाकीचे एकावन्न माझे.

कॅनव्हासही माझा.

१० नोव्हेंबर
कबनूरला जाऊन आलो. केरबाला सतरा-अठरा वर्षांनी भेटलो. स्टुडिओ बंद झाल्यावर तो तिकडे गेला, यंत्रमागाच्या शेडवर नावं रंगवायची, टेम्पोच्या पाठीवर बायका आणि मोर. फ्लेक्स आल्यापासून तेही गेलं. दोन खोल्या, भिंतीला लागून लूमची शेड. दिवसभर खडखडाट. बोलताना ओरडावं लागतं, त्यामुळे मनातलं बोलता येत नाही. मुलगी क्रांती प्राथमिक शाळेत शिकवते, तीच घर चालवते. केरबाची बायको मागेच गेली.

मी ठरवून गेलो होतो की त्याला पुन्हा कामाची संधी द्यायची. दहा-बारा चेहरे, जागा मी सोडून देतो, जुन्यासारखं. विषय काढायच्या आधीच तो म्हणाला, अभ्या, जरा कडंला सरक. सरकलो. आता दिसलास, म्हणाला. डोळ्याच्या पडद्याचं काहीतरी झालंय. मधलं दिसत नाही, कडेचं दिसतं. तुजं कान दिसत्यात लेका, तोंड न्हाय. कान हाईत तसंच हाईत.

आम्ही दोघं हसलो. तो जास्त.

चेहऱ्यांचं बोललो नाही. बोलणं बरं दिसलं नसतं.

निघताना त्याने विचारलं, बाई बरी हाय न्हवं? चित्रातली? म्हणालो, हॉलमध्ये आहे, फ्रीजच्या वर. म्हणाला, ऊन लागू दिऊ नगंस. उन्हाबद्दल मला सांगतो. चौतीस वर्षं मी हेच शिकवलं.

प्रदर्शनाचं सांगायचं राहिलं. शेडचा आवाज फार होता.

२४ नोव्हेंबर
चित्रं बारा. संख्या म्हणजे दर्जा नव्हे.

१ डिसेंबर
चित्रं सात.

८ डिसेंबर
अनुजा घरी आली. तयार असलेली तीन चित्रं दाखवली. पाठमोरे हंबीरराव. पदरवाली. आणि तोंडावर वर्तमानपत्र घेऊन झोपलेला माणूस. त्यातली बातमी वाचता येते इतकं बारीक काम आहे. तिने ती बातमी वाचली.

मग हॉलमध्ये धोंडुबाईसमोर उभी राहिली. वीस मिनिटं. चहा गार झाला. म्हणाली, सर, आपण एकच चित्र लावू या का? संपूर्ण गॅलरीत एक चित्र. सोबत तुमची तेव्हाची रेखाटनं आणि या चित्राचा इतिहास. कोण बाई, कुठे भेटली, कसं झालं.

एका चित्राचं प्रदर्शन. कोल्हापुरात कोणी केलेलं नाही. मी हे आधीच सुचवणार होतो.

तिने मोबाईल समोर ठेवून इतिहास रेकॉर्ड केला. अकरा सकाळी सांगितल्या. थंडी, म्हशींची वाफ, ग्लासात पडणारी धार. पाचव्या दिवशी धोंडुबाई रडली आणि तिने सगळं आयुष्य मला सांगितलं, तो प्रसंगही सांगितला. हा प्रसंग मला आजच आठवला.

सरोजिनी स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून ऐकत होती. अनुजा गेल्यावर म्हणाली, रडली का? मला कधी बोलला नाहीत.

१२ डिसेंबर
माळ्यावरच्या ट्रंकेत जुनी वही मिळाली. अकराच्या अकरा दिवसांची रेखाटनं. निऱ्या. चरवी. चरवीवर पडलेलं ऊन. पायातलं जोडवं. म्हशीचं मोडकं शिंग, तीन बाजूंनी. हाताचं कोपर. पुन्हा निऱ्या.

अनुजाने दोनदा चाळली. विचारलं, चेहरा? म्हणालो, चेहरा मी मनात ठेवायचो. तिने लिहून घेतलं.

२० डिसेंबर
इतिहासाचं कार्ड तयार झालं. चित्राशेजारी लागणार. 'चित्रकाराने अकरा दिवस या स्त्रीच्या मुद्रेचा अभ्यास केला.' वाक्य अनुजाचं, शब्द बहुतेक माझे.

सरोजिनीला वाचून दाखवलं. तिने विचारलं, यात केरबा भावजींचं नाव कुठं आहे? तिला मास्तरांचा नियम समजावला. म्हणाली, नियम सहीचा होता ना, कार्डाचा कुठं होता.

तिला कलेचा इतिहास माहीत नाही. मोठ्या चित्रकारांच्या हाताखाली माणसं असायचीच. त्यांची नावं कोणी लिहीत बसत नाही.

तरी भाषणात उल्लेख करेन. 'स्टुडिओतले माझे सहकारी' असा.

२८ डिसेंबर
निमंत्रणं वाटली. केरबाचं कार्ड टीव्हीवर ठेवलं आहे. विचार केला. कबनूरहून कोल्हापूर, एसटी, गर्दी, त्यात त्याचे डोळे. येऊन त्याला दिसणार काय? अशा माणसाला न बोलावणं हेच प्रेमाचं. पण कार्ड लिहून ठेवलं. मनाला टोचणी नको.

३ जानेवारी
अनुजाचा फोन. धोंडुबाई सापडल्या. हयात आहेत. वय त्र्याऐंशी. नातू सम्राट अजून म्हशी घेऊन गंगावेशीत येतो. उद्घाटन त्यांच्याच हस्ते करायचं ठरवलं आहे.

आनंद झाला. त्या वारल्या असं मी धरून चाललो होतो. भाषणात तसे दोन परिच्छेद आहेत. ते बदलावे लागतील.

निर्णय: उद्याच गंगावेशीत जाऊन त्यांना भेटणे. पाया पडणे. फोटो काढून घेणे.

४ जानेवारी
गार वारं. गेलो नाही.

७ जानेवारी
गेलो नाही. छत्तीस वर्षांनी भेट होणार ती चित्रासमोरच व्हावी. तिचा परिणाम वेगळा.

११ जानेवारी, दुपारी ३
उद्घाटन सकाळी अकराला झालं. जसं झालं तसं लिहितो.

साठ-सत्तर माणसं. माझे जुने विद्यार्थी, तीन पत्रकार, हंबीरराव फेटा बांधून. धोंडुबाईंना सम्राटने हाताला धरून आणलं. बुटक्या, काटक. त्यांनी फीत कापली, आत आल्या, चित्रासमोर उभ्या राहिल्या. अनुजाने माईक त्यांच्यापुढे धरला.

धोंडुबाई म्हणाल्या, लुगडं माजं हाय. चरवी माजी हाय. म्हस बी माजीच, मोडक्या शिंगाची. पर ही बाई कोन?

कोणीतरी हसलं. सम्राट म्हणाला, आज्जे, तूच हाईस की ती. त्या म्हणाल्या, मी मला वळकत न्हाई व्हय रं? आन ह्ये नाक बघ, सुरीवानी सरळ. माजं नाक लगीन झालं त्याच साली म्हशीनं मोडलंय.

मी त्यांच्याकडे पाहिलं. नाक वाकडं आहे. उजवीकडे. लांबूनही दिसतं.

मी पुढे झालो, नाव सांगितलं. त्यांनी माझ्याकडे निरखून पाहिलं आणि माईकमध्येच म्हणाल्या, ह्यो मास्तर ध्यानात हाय की. अकरा दिस माज्या पायाकडं बघत बसायचा. येकदा मान वर केली न्हाई. म्हनलं, गरिबाचं पोरगं हाय, लाजतंय.

आता सगळेच हसले. हंबीरराव फेट्यासकट हलत होते.

भाषण वाचलं नाही. 'कलाकाराचं स्वातंत्र्य' यावर दोन वाक्यं बोललो. नंतर अनुजाने बाजूला घेऊन विचारलं, सर, मग ही कोण आहे? कल्पना, म्हणालो. ती म्हणाली, पण त्या पाचव्या दिवशी रडल्या ना?

पाणी प्यायला गेलो.

१२ जानेवारी
पेपरात चौकटीत बातमी. मथळा: 'लुगडं माझं, बाई कोण?'

गॅलरीत रांग. लोक चित्राकडे बघतात, मग माझ्याकडे बघतात. काहीजण माझ्या पायाकडेही बघतात.

१३ जानेवारी
उलट हे बरंच झालं. चित्र एका व्यक्तीत अडकलं होतं, ते सुटलं. ती कोणीच नाही म्हणून ती सगळ्या आहे. कार्डासाठी नवा मजकूर लिहून दिला: 'श्रमिक स्त्रीची सार्वकालिक मुद्रा.' अनुजाने घडी करून पर्समध्ये ठेवला. लावला नाही.

एक प्रश्न मात्र सुटत नाही. केरबाला धोंडुबाईचं वर्णन मी नीट सांगितलं नव्हतं का? की त्याने ऐकलं नाही? हलगर्जीपणा त्याचा आहे. माझ्या आयुष्यातलं एकमेव बक्षीस, आणि त्याने कोणीतरी भलतीच बाई काढून दिली. फोन करून विचारायला हवं. शांतपणे.

१४ जानेवारी, संक्रांत
केरबा आला.

क्रांतीने आणलं. कार्ड सरोजिनीने पोस्टात टाकलं होतं. टीव्हीवरून ते कधी गेलं मला कळलं नाही.

दुपारची वेळ, गर्दी कमी. तो चित्राच्या अगदी जवळ गेला. मग तोंड भिंतीकडे वळवलं आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून चेहऱ्याकडे पाहत राहिला. चित्राला कान लावल्यासारखा. मला वाटलं रंगाचे पापुद्रे बघतोय. क्रांतीला हाताने जवळ ओढलं आणि म्हणाला, ही तुजी आज्जी. बायडाबाई.

क्रांतीने आजी पाहिलेली नाही. घरात तिचा फोटो नाही. तिने कधी काढलाच नव्हता.

मी म्हणालो, केरबा, काय बोलतोस. तो आवाजाच्या दिशेने वळला. म्हणाला, अरं, तू कॅनव्हास घिऊन आलास, मधी पांढरा गोल. म्हनलास संध्याकाळपतूर पायजे, उद्या पाठवायचंय. मी ती दूधवाली कवा बघितली हुती? आय दारात शेंगा निवडत बसलीती. म्हनलं आय, वर बघ. तेवढंच.



तो म्हणाला, मला वाटलं तुला कळलं आसंल. तू तर रोज जेवायला हुतास. तू कायबी बोलला न्हाईस, तसंच पाठवलंस, बक्षीस घेतलंस. म्हनलं, अभ्या लई मोठ्या मनाचा. माज्या आयला मुंबईपतूर नेलं. दुसऱ्या साली ती गेली. तवापासनं मनात हुतं, येकदा बघावी. पर कॅनव्हास तुजा.

अनुजा टेबलापाशी उभी होती. तिने सगळं ऐकलं. काही लिहून घेतलं नाही.

हे इथे लिहायलाच हवं. दोन वर्षं दुपारची भाकरी मी बायडाबाईंच्या हातची खाल्ली. मंगळवार पेठेत, स्टुडिओमागच्या खोलीत. भाकरीच्या काठाला पडणारी चीर आठवते. जर्मनच्या ताटलीला पडलेला खळगा आठवतो. त्यांच्या लुगड्याचा रंग सांगू शकतो, फिकट जांभळा, काठ विटका हिरवा.

सरोजिनीने केरबाला तिळगूळ दिला. मलाही दिला.

१५ जानेवारी
झोप नीट लागली नाही. निर्णय पक्के केले.
कार्ड बदलायचं. आजच.
चित्र केरबाला द्यायचं. कायमचं.
सही काढून टाकायची. निदान असा प्रस्ताव मांडायचा.

मोठा निर्णय घेतला की हलकं वाटतं. संध्याकाळी पोटभर जेवलो.

१६ जानेवारी
अनुजाने नवं कार्ड केलं. 'चेहरा: केरबा सुतार. चेहरा कोणाचा: बायडाबाई सुतार. लुगडं, चरवी, म्हैस, पार्श्वभूमी: अभिराम हुपरीकर. लुगडं धोंडुबाईंचं.'

मी फक्त एक सुचवलं. नावं वर्णानुक्रमे असावीत. तशीच पद्धत आहे. अ आधी येतो, त्याला माझा इलाज नाही. ती म्हणाली, सर, वरून खाली वाचताना लोक आधी चेहरा बघतात, म्हणून.

मी पाच फुटांवर उभा राहून बघितलं. कार्डावर माझं नाव म्हशीच्या शेजारी येतं.

१७ जानेवारी
शेवटचा दिवस. अभिप्रायाची वही चाळली. 'आईची आठवण आली.' 'डोळे हलत नाहीत तिथून.' 'केरबांना नमस्कार.' एका शाळकरी मुलीने लिहिलं आहे, म्हैस छान आहे.

तेवढं पान मोबाईलमध्ये घेतलं.

२० जानेवारी
चित्र घरी आलं. कबनूरला उद्या न्यायचं.

२१ जानेवारी
टेम्पोवाल्याचा फोन लागत नाही.

२४ जानेवारी
आभाळ भरून आलं होतं. कॅनव्हासला दमट हवा वाईट. नंतर ऊन पडलं, पण तोवर दुपार झाली होती.

२७ जानेवारी
चित्र पॅक करायला बबल रॅप हवा. साध्या चादरीत नेणं बरोबर नाही. सरोजिनीने लग्नातली चादर काढून दिली. म्हणाली, यात न्या. मी म्हणालो, बघू. तिने चादर चित्रावर टाकली आणि दिवसभर काढली नाही. हॉलमध्ये कोणीतरी डोक्यावरून पांघरून बसलंय असं वाटत होतं.

३० जानेवारी
खरं लिहितो. चित्र गेल्यावर भिंतीवर काय राहील, हा विचार येतो. फ्रीज राहील.

लोक घरी येतात तेव्हा आधी त्या भिंतीकडे बघतात. छत्तीस वर्षं बघत आले. नंतर मला नमस्कार करतात.

२ फेब्रुवारी, संध्याकाळी ६
दिलं. म्हणजे नेलं.

हंबीररावांनी टेम्पोत चढवायला हात लावला. म्हणाले, मास्तर, ह्या बाईला तोंड हाय म्हणून बरं, न्हायतर माज्यागत पाठ घिऊन फिरली असती. मी मनावर घेतलं नाही. आजचा दिवस वेगळा होता. वाटेत भाषण मनात म्हणून पाहिलं. चार वाक्यं. शेवटचं, 'केरबा, तुझी आई तुझ्या घरी आणली.'

कबनूरला चित्र दारातून आत जाईना. उभं नाही, आडवं नाही. अंगणात शेडच्या भिंतीला टेकवून ठेवलं. लूमचे कामगार बिड्या हातात घेऊन बाहेर आले. चादर काढली. भाषण सुरू केलं. दुसऱ्या वाक्याला क्रांती म्हणाली, सर, थांबा. तिला अवघडल्यासारखं झालं होतं. म्हणाली, आमच्याकडं एवढी भिंत न्हाई हो. आणि शेडची धूळ, तेल. खराब व्हईल. तुमच्याकडंच बरं हाय.

मी म्हणालो, अगं, पण आजी आहे तुझी.

ती म्हणाली, हाय की, आत. चला.

आत भिंतीवर फ्रेम. दहा बाय बारा. तिने संक्रांतीला गॅलरीत मोबाईलवर फोटो काढला होता. इचलकरंजीत स्टुडिओत छापून घेतला. फक्त चेहरा. कपाळापासून हनुवटीपर्यंत. चारी बाजूंनी कापलेला. पदराचा काठसुद्धा आलेला नाही. वर कापडी फुलांचा हार.

केरबाने फ्रेम उतरवून हातात घेतली. डाव्या कानाजवळ धरली आणि समोर बघत राहिला. म्हणाला, हातात मावतीय बघ. आशी कडंला धरली की दिसतीया. चित्र लई मोठं हुतं रं, शोधावी लागायची.

मी सहीचं बोललो. काढून टाकतो म्हणालो. तो म्हणाला, सही कशापायी काढतोस? कॅनव्हास तुजा. फोटूत सही आलीच न्हाई.

मग म्हणाला, जेवून जा. क्रांतीने भाकरी केली होती. जेवलो. भाषणाची दोन वाक्यं उरली ती उरलीच.

टेम्पोवाला खोळंबला होता. चित्र परत चढवलं. कामगारांनी हात लावला. त्यातल्या एकाने विचारलं, पावणं, ही कोण म्हणायची? केरबाच्या आई, म्हणालो. तो म्हणाला, मग परत कुठं निघाली?

४ फेब्रुवारी, सकाळी ७
चित्र पुन्हा त्याच खिळ्यावर. सरोजिनी म्हणाली, आता तरी नीट बघा. खुर्ची आणून समोर ठेवली आणि भाजी आणायला गेली.

बसलो. दहा मिनिटं फक्त चेहरा. बाई थेट समोर बघते. ओठ थोडे उघडे आहेत, काहीतरी विचारायच्या बेतात. छत्तीस वर्षं मला वाटत होतं, ती माझ्याकडे बघते. ती केरबाकडे बघत होती. समोर तो बसला होता.

खुर्ची थोडी डावीकडे सरकवून बघितली. मग उजवीकडे.

तिसऱ्या निरीवर रंगाला बारीक तडा गेला आहे. टेम्पोतल्या हादऱ्यांनी गेला असणार. तो आधी दुरुस्त करायला हवा.